नळाच्या मावशी

गारखेड्याच्या मागच्या अंगाला एक गल्ली आहे. दोन्ही बाजूंनी मिळून वीस-बावीस घरं, प्रत्येक घरापुढं लोखंडी गेट, गेटाच्या आत गाडी आणि गाडीवर कव्हर. घरांना नावं मोठी झोकदार दिलेली. कुणाचं ‘स्नेहबंध’, कुणाचं ‘आपुलकी’. सकाळी दहाच्या आत हा सगळा स्नेह आणि सगळी आपुलकी कुलुपं लावून नोकरीला जाते आणि संध्याकाळी परत येऊन आतून कड्या घालून घेते. गल्लीच्या अगदी तोंडाशी दोन खोल्यांचं एक पत्र्याचं घर आहे. त्याला नाव नाही. तिथं सरूबाई राहते.

सरूबाई मूळची वैजापूर तालुक्यातल्या एका वाडीवरची, मेंढरं राखणाऱ्या घरातली. नवरा फकिरा मेंढरं विकून शहरात आला आणि शहागंजातल्या एका व्यापाऱ्याच्या गोदामावर राखणदार म्हणून राहिला. त्याच्या घराची ही जागा तेव्हा गावाबाहेर होती. इथं कोणी फिरकायचं नाही, म्हणून ती फकिराला मिळाली. मग हळूहळू शहर चालत चालत तिच्या दारापर्यंत आलं आणि आजूबाजूला बंगले उभे राहिले. फकिरा जाऊन बरीच वर्षं झाली. मुलगा अजिनाथ चाकणला कंपनीत लागला आणि बायकोपोरं घेऊन तिकडेच राहिला. दर रविवारी त्याचा फोन यायचा. जेवलीस का, गोळ्या घेतल्यास का, ठेवू का. तिन्ही प्रश्न याच क्रमानं, आणि पहिल्या दोन्हींचं उत्तर पुरं व्हायच्या आत तिसरा.

तरीपण सरूबाई स्वतःला एकटी समजत नसे, कारण तिच्याकडं पाणी होतं.

या शहरात नळ रोज येत नाहीत, हे इथल्या माणसाला सांगायची गरज नाही आणि बाहेरच्याला सांगून ते पटत नाही. आठ-दहा दिवसांनी एकदा पाणी सुटायचं आणि त्याचाही मुहूर्त कुणाला ठाऊक नसायचा. कधी सकाळी, कधी भर दुपारी. त्या वेळी घरात माणूस नसलं की हौद कोरडा, आणि हौद कोरडा की पुढचा आठवडा सगळ्या घराच्या तोंडचं पाणी पळालेलं. गल्लीत तर नवरा-बायको दोघंही नोकरीला. मग पहिल्यांदा मंजुषानं आपल्या घराची चावी सरूबाईकडं दिली. मंजुषा विम्याच्या ऑफिसात होती आणि तिला तेव्हा सातवा महिना लागला होता. एवढं पाणी आलं तर भरून ठेवाल का मावशी, असं तिनं फार अजिजीनं विचारलं होतं. सरूबाईनं भरलं. ते बघून शेजारणीनं चावी दिली, तिचं बघून समोरच्यांनी. वर्षभरात सरूबाईच्या भिंतीवरच्या फळीवर सबंध गल्ली टांगली गेली. तिला वाचता येत नव्हतं, म्हणून तिनं जुन्या लुगड्यांच्या चिंध्या फाडून एकेका चावीला बांधल्या होत्या. मंजुषाची लाल.

पाणी सोडणारा लाइनमन गोकुळ गल्लीच्या तोंडाशी येऊन हाक द्यायचा, की सरूबाई चाव्या ओच्यात घालून पळत सुटायची. गेट उघड, हौदाचं झाकण काढ, पाइप सोड, मोटर चालू कर, तोवर पुढचं घर. लुगडं पार ओलंचिंब व्हायचं, गुडघे बोलायला लागायचे. कोणत्या घरातली मोटर एक बुक्की घातल्याशिवाय चालू होत नाही हे तिला ठाऊक होतं. कोणत्या घरातली नवरा-बायको वेगवेगळ्या खोल्यांत निजतात हेही ठाऊक होतं, पण ते तिनं कधी ओठांवर येऊ दिलं नाही. संध्याकाळी लोक पाणी आलं का विचारायला येत. कुणी डब्यात पोहे आणी, कुणी लाडू. मंजुषा तर हाताला धरून घरी न्यायची, सोफ्यावर बसवून चहा द्यायची. तिची लेक सृष्टी ‘नळाची आजी आली’ म्हणून मांडीवर येऊन बसायची. गल्लीभर तिचं नाव नळाच्या मावशी असंच पडलं होतं. गल्लीला गरज पाण्याची होती, मावशीची नव्हती, हा फरक तिच्या ध्यानात कधी आला नाही. यावा कसा? चहा तर खरोखरचा होता.

मग नवी लाइन आली.

ती आणली सुदर्शननं, म्हणजे निदान त्याचं म्हणणं तसं होतं. सुदर्शन क्लासेस चालवायचा आणि उरलेल्या वेळात गल्ली चालवायचा. लाइनचा नारळ फोडला त्या दिवशी हळदी-कुंकवाचं ताट सरूबाईच्याच हातात दिलं होतं. तिनं पाइपाला हळद-कुंकू वाहिलं, सगळ्यांबरोबर टाळ्या वाजवल्या आणि पेढाही खाल्ला. आपल्याच तेराव्याचं जेवण आपण हसत हसत जेवतो आहोत हे त्या भोळीला कळलं नाही. दुसऱ्या दिवसापासून रोज सकाळी तासभर नळ यायला लागले.

चाव्या एकदम गेल्या नाहीत. आधी सगळे म्हणाले, असू द्या मावशी तुमच्याकडं, अडीनडीला बऱ्या. मग एकानं आकड्यांचं कुलूप बसवलं. एकाची सून म्हणाली, आता घरात दागिने असतात. मंजुषा एके संध्याकाळी गाडी चालूच ठेवून दारात आली. सृष्टी शाळेतून लवकर येते, तिला चावी लागते, असं म्हणून तिनं लाल चिंधीवाली चावी नेली. चिंधी तिनं दारातच सोडून टाकली. दिवाळीपर्यंत फळीवर नुसते खिळे राहिले.

त्यानंतर सरूबाईच्या दाराशी कुणी आलं नाही. ती सकाळी उंबऱ्यात बसायची आणि गाड्या तिच्यासमोरून जायच्या. काही जण काचेआडून हात करायचे. काही जण तेवढंही करायचे नाहीत, त्यांच्या कानाला फोन असायचा. कुणाशी भांडण झालं नव्हतं, कुणी वाकडं बोललं नव्हतं. तेच तिला जास्त टोचायचं. भांडण असतं तर निदान मिटवता तरी आलं असतं.

नाही म्हणायला पुंजाराम होता. गल्लीच्या तोंडाशी कडुनिंबाखाली त्याची इस्त्रीची हातगाडी होती, सरूबाईच्या दारापासून हाकेच्या अंतरावर. रोज सकाळी कोळसे पेटवता पेटवता तो ‘राम राम, आक्का’ म्हणायचा आणि ती ‘राम राम’ म्हणायची. संपलं. तो कुठला, त्याला पोरंबाळं किती, हे तिनं कधी विचारलं नाही. तो गल्लीतला नव्हता ना. घर पत्र्याचं असलं तरी सरूबाई मनानं स्वतःला बंगल्यांच्या ओळीत धरत होती, आणि पुंजारामला रस्त्यावरचा. माणसाची ही खोड जात नाही, मग तो बंगल्यातला असो की पत्र्याखालचा.

सरूबाईच्या डोक्यात एक गोष्ट आली, ती फकिराच्या मेंढरांवरून. पावसाळ्यात मेंढरं वाऱ्यावर उधळलेली असायची. प्रत्येक खड्ड्यात पाणी, मग हाकेला कोण ओ देतो? फकिरा ओरडून ओरडून घसा कोरडा करायचा. पण उन्हाळा लागला, खड्डे आटले, की त्यानं हौदावर नुसती बादली वाजवली तरी अख्खा कळप धावत यायचा आणि त्याच्या पायांशी अंग घासत उभा राहायचा. पायांना ते ऊन ऊन अंग लागलं की फकिरा कसा हसायचा, ते तिला उंबऱ्यात बसल्या बसल्या दिसलं. माणसं तरी काय वेगळी, असं तिच्या मनानं घेतलं. आता घरोघरी रोजचं पाणी आहे, म्हणून कोणी वळत नाही. तहान लागली की येतील. मावशी काय करायचं म्हणून आपल्याच दाराशी येतील.

मेंढरांकडं मोबाइल नसतो, एवढीच गोष्ट ती विसरली.

गोकुळ एकदा तापानं फणफणला होता, तेव्हा गल्लीला पाणी सोडायचा व्हॉल उघडायचं काम त्यानं सरूबाईवर सोपवलं होतं आणि त्यासाठीचा लोखंडी पाना तिच्या दारामागं आणून ठेवला होता. तो तिथंच राहिला. नव्या लाइनचा व्हॉल गल्लीच्या तोंडाशीच, पुंजारामच्या गाडीजवळच्या खड्ड्यात बसवलेला होता आणि त्यालाही तोच पाना लागायचा. एका दुपारी गल्लीत चिटपाखरू नव्हतं. पुंजाराम झाडाखाली तोंडावर गमछा टाकून आडवा झाला होता. सरूबाईनं पाना पदराखाली घेतला, झाकण सरकवलं आणि व्हॉल फिरवायला लागली. जुन्या हाडांत तेवढा जोर उरला होता. पुढं फिरेना तेव्हा ती थांबली, झाकण बसवलं आणि घरात आली. पाना दारामागं ठेवला आणि भिंतीला टेकून बसली.

मग ती उठली. अंगण झाडलं. ठेवणीतलं लुगडं नेसली. चहाचे कप घासून उपडे घातले, साखर आहे का बघितली. गल्ली यायची होती.

दुसऱ्या दिवशी गल्लीला वाटलं, प्रेशर कमी असेल. त्याच्या पुढच्या दिवशी पाण्याचे जार घेऊन एक टेम्पो आला आणि घरोघरी जार उतरवून गेला. मग टँकर आला. गल्लीचा फोनवर एक ग्रुप होता, त्यावर सगळं ठरत होतं. सरूबाईकडं बटणांचा फोन, ती त्या ग्रुपमध्ये नव्हती. टँकरचा पाइप एकेका हौदात पडला, एकेक घर पाण्यानं भरलं. पाइप तिच्या दारासमोरून ओढत नेला. तिनं घागर पुढं केली, तर ड्रायव्हरनं तिच्या घराकडं एकदा बघितलं आणि मला हे घर सांगितलेलं नाही म्हणाला. त्यात कुणाचा आकस नव्हता. गल्लीला पाणी लागतं हे ठरवताना तिच्याही घशाला कोरड पडत असेल, हे कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं.

तिचं स्वतःचं टिपाड तोवर तळाला गेलं होतं. रोज पाणी येतं म्हणून तिनंही साठवणं सोडलं होतं आणि तो व्हॉल काही तिच्या नळाला वेगळा नव्हता. शेवटी ती घागर घेऊन मंजुषाकडं गेली. बेल वाजवताना तिला अवघडल्यासारखं झालं. या दारातून ती आजवर चावीनं आत गेलेली. मंजुषानं लाकडी दार उघडलं, जाळीचं बंदच ठेवलं. कान आणि खांद्याच्या मध्ये तिनं फोन दाबलेला होता. पाणी हवंय एवढं कळल्यावर तिनं जाळीच्या फटीतून एक बाटली पुढं केली, सील न फोडलेली.

सरूबाईनं विचारलं, “नळाचं काय करनार हायेत समदे? मला हाक मारायची व्हती. म्या आले आस्ते.”

“तुम्ही काय करणार त्यात, मावशी?” मंजुषा म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता, माया होती, म्हणून ते जास्त लागलं. “सुदर्शनदादांनी टँकर लावलाय ना. आणि तुमचं एकटीचं कितीसं लागतं? एवढ्यात भागेल तुमचं.”

रिकाम्या घागरीत ती बाटली टाकून सरूबाई घरी आली. वाटेत बाटली घागरीत खडखडत होती. पाणी बंद असलं काय आणि चालू असलं काय, या गल्लीच्या लेखी आपण नाहीच, हे तिला त्या दिवशी स्वच्छ कळलं. आणि ज्यांना पाण्यावाचून तडफडवून जवळ आणायला निघालो त्यांत एकटे आपणच तहानलेलो, या विचारानं तिला स्वतःचीच लाज वाटली. उद्या दुपारी व्हॉल उघडून टाकायचा, असं ठरवून ती निजली.

दुपारपर्यंत कुणी थांबलं नाही. सकाळीच सुदर्शन गोकुळला घेऊन आला. गोकुळनं झाकण उघडलं, आत वाकून पाहिलं आणि व्हॉल बंद आहे, कोणीतरी मुद्दाम फिरवलाय, असं सांगितलं. वाऱ्यासारखी बातमी पसरली आणि बघता बघता सगळी गल्ली सरूबाईच्या दारासमोर गोळा झाली. महिनोन्‌महिने तिनं ज्या गर्दीची वाट पाहिली होती, ती ही. एकानंही तिच्याकडं वळून पाहिलं नाही. पाहिलं ते गोकुळनं. त्याची नजर तिच्या दारावर गेली, क्षणभर थबकली आणि खाली वळली. महापालिकेचा पाना आपण एका म्हातारीकडं टाकून विसरलो, हे निघालं तर नोकरीवर गदा येणार होती. साध्या पकडीनंसुद्धा फिरतो हा, असं तो कुणी न विचारता बोलला.

मग साहजिकच सगळ्यांच्या नजरा पुंजारामकडं गेल्या. गाडी खड्ड्याला लागून, दिवसभर माणूस तिथंच. पलीकडच्या गल्लीला प्रेशर मिळावं म्हणून त्यांनीच याला फितवलं असणार, असं एकानं म्हटलं आणि तेवढ्यात ते खरंही ठरलं. आपण नाही केलं, एवढंच पुंजाराम म्हणत राहिला. मग कोण आलं होतं ते सांग, असं सुदर्शननं दरडावून विचारलं.

पुंजारामनं हातातली इस्त्री खाली ठेवली. “मला नाय दिसलं कोनी,” तो म्हणाला.

गाडी उद्या इथं दिसता कामा नये, असा निकाल लागला. स्वतःच्या शेजारच्या घरात कोण आजारी आहे हे ज्यांना ठाऊक नसतं, त्या सगळ्यांचं या एका बाबतीत एकमत झालं. सरूबाई दारात उभी होती. तोंड उघडलं की काय होईल, या भीतीनं तिनं दार थोडं ओढून घेतलं. गोकुळनं व्हॉल उघडला, गर्दी पांगली आणि नळाला पाणी आलं.

रात्रभर तिला झोप नाही. सकाळी पुंजाराम गाडीवर सामान बांधताना दिसला, तेव्हा ती दारामागचा पाना घेऊन तरातरा सुदर्शनच्या गेटाशी गेली. तो गाडी पुसत होता. मंजुषा ऑफिसला निघाली होती, तीही थांबली.

“त्यानं नाय बंद केला,” सरूबाई म्हणाली. “म्या केला व्हता. ह्यो बघा पाना.”

सुदर्शन आधी चमकला आणि मग हसला. “मावशी, तो गरीब आहे म्हणून तुम्हाला वाईट वाटतंय, ते कळतं आम्हाला. पण हा व्हॉल फिरवायला दणकट गडी लागतो.”

“मंग ह्यो पाना माज्याकडं कसा आला?”

“गोकुळचा असेल, विसरला असेल कधीतरी. द्या इकडं, त्याला देतो.”

“बरं मावशी, तुम्ही कशाला बंद कराल?” मंजुषानं लहान पोराला विचारावं तसं विचारलं.

“तुमी यावं म्हनून,” सरूबाई म्हणाली.

मंजुषानं सुदर्शनकडं पाहिलं, आणि मग आवाज उतरवून, पण सरूबाईला ऐकू जाईल इतपत, अजिनाथला एकदा फोन करायला हवा म्हणाली, एकटं राहून या वयात होतं असं. ऑफिसला उशीर होत होता. दोन्ही गाड्या निघून गेल्या. सरूबाईला वाटत होतं, शिव्या देतील, गल्लीत तोंड दाखवू नको म्हणतील. ते सगळं ऐकायची तयारी करून ती आली होती. तिला राग मिळेल एवढी किंमतसुद्धा तिथं कुणाच्या लेखी नव्हती.

ती परत आली तेव्हा पुंजाराम गाडीला दोरी आवळत होता.

“कशाला गेल्ता सांगाया, आक्का?” तो म्हणाला. “मला म्हाईत व्हतं. मी जागा व्हतो त्या दुपारी.”

सरूबाई गाडीजवळ आली. “मंग काल सांगितलं का नाय? तुमची जागा गेली ना.”

“तुमचं नाव घेऊन काय करू? ह्या गल्लीत माज्याशी बोलनारं मानूस तुमी एकलंच.” त्यानं गाठ मारली. “कपडे देत्यात, घेत्यात. बोलत कोन नाय.”

रोजचे ते दोन शब्द हा माणूस बोलणं म्हणून धरून होता. तिनं ते कधी मोजलेच नव्हते. तिला भडभडून आलं. चहा घेऊन जा, असं ती म्हणाली, आत कप घासलेले आहेत म्हणाली. पुंजारामनं मान हलवली. दुसरीकडं जागा धरायला लवकर गेलं पाहिजे, नाहीतर तिथंही कुणी उभं राहिलेलं असतं. गाव कोणतं तुमचं, असं तिनं मागून विचारलं, पण तोवर गाडीचं चाक डांबरावर वाजायला लागलं होतं आणि त्याला ते ऐकू गेलं नाही.

पुन्हा कोणी हातगाडी लावू नये म्हणून त्याच संध्याकाळी सुदर्शननं कडुनिंबाखाली सिमेंटच्या दोन मोठ्या कुंड्या आणून ठेवल्या आणि त्यांत मोगरा लावला. ग्रुपवर सगळ्यांनी टाळ्यांच्या खुणा पाठवल्या. कुंड्यांना रोज पाणी कोण घालणार, असा प्रश्न निघाला, तेव्हा नळाच्या मावशींना सांगा, त्यांचाही तेवढाच वेळ जाईल, असं मंजुषानं लिहिलं, आणि ते सगळ्यांना पटलं.

ते सांगायला मंजुषा स्वतः आली. बऱ्याच महिन्यांनी ती सरूबाईच्या दारात उभी होती, हातात लाडवांचा डबासुद्धा होता. घालाल ना मावशी, असं तिनं फार गोड विचारलं. सरूबाईनं तिच्याकडं पाहिलं, डब्याकडं पाहिलं. कुंड्यांकडं तिला बघवेना.

“घालते,” ती म्हणाली, आणि डबा घेतला.